महाराणी लक्ष्मीबाई व झांशीच्या स्त्रिया

अकोल्यांत मोर्णेच्या कांठीं असदगडाचे जे जुने बुरूज उभे आहेत, ते आपल्या शाळेंतील प्रत्येक विद्यार्थ्यानें पाहिलेले आहेत. नरनाळा व गाविलगड हे डोंगरी किल्लेही कित्येकांनीं सहलीच्या निमित्तानें पाहिले असतील. किल्ला पाहतांना आपण तोफा कोठें ठेवीत, दारूगोळा कोठें भरीत, शिपाई कोठें उभे राहत, हें मोठ्या उत्सुकतेनें विचारतों. परंतु वेढा पडला असतां त्या शिपायांस पाणी कोण नेऊन देई, त्यांच्यासाठीं भाकरी कोण भाजी व जखमी झालेल्याच्या उशाशीं कोण बसे, हें विचारावयाचें सहसा आपल्या ध्यानांत येत नाहीं. तोफेच्या गोळ्यानें भिंतीस पडलेलें खिंडार सर्वांना दिसतें. लढणाऱ्याच्या मनास पडलेलें खिंडार कोणास दिसत नाहीं; आणि कित्येक किल्ले त्या दुसऱ्या खिंडारांतूनच शत्रूच्या हातीं गेलेले आहेत.

हें न दिसणारें खिंडार बुजविण्याचें काम ज्यांच्या हातीं शस्त्र नाहीं अशा स्त्रियांनीं अनेक वेळां केलेलें आहे. त्याचें आपल्या मराठी इतिहासांतील सर्वांत ठळक उदाहरण म्हणजे सन १८५८ मधील झांशीचा वेढा होय. झांशीच्या महाराणी लक्ष्मीबाई यांची तलवार व त्यांचा घोडा यांची कीर्ति सर्वांस ठाऊक आहे. त्यांच्या चरित्राची जी बाजू तितकीशी सांगितली जात नाहीं, ती बालवाचकांपुढें ठेवावी, एवढाच या लेखाचा हेतु आहे.

लक्ष्मीबाईंचा जन्म काशी क्षेत्रीं झाला. जन्माचें साल कोणी १८२८ देतात, तर जुन्या मराठी चरित्रांत तें १८३५ असें दिलेलें आहे. त्यांचे वडील मोरोपंत तांबे हे दुसऱ्या बाजीराव पेशव्यांचे बंधु चिमाजीआप्पा यांच्या पदरीं होते. आईचें नांव भागीरथीबाई. मुलीचें नांव मणिकर्णिका ठेविलें होतें. घरांत तिला मनू म्हणत. ती अगदीं लहान असतांनाच तिची आई वारली. पुढें चिमाजीआप्पाही निवर्तल्यावर मोरोपंत मुलीस घेऊन ब्रह्मावर्तास बाजीरावांच्या आश्रयास जाऊन राहिले. आईवांचून वाढलेली ही मुलगी तेथें नानासाहेबांसारख्या मुलांच्या संगतींत लिहावयास, घोड्यावर बसावयास व तलवार फिरवावयास शिकली. त्या काळच्या मुलींच्या वांट्यास असें शिक्षण क्वचितच येत असे.

सन १८४२ मध्यें तिचा विवाह झांशीचे राजे गंगाधरराव नेवाळकर यांच्याशीं झाला आणि मनूची लक्ष्मीबाई झाली. नेवाळकरांचें मूळ घराणें कोंकणांतलें. परंतु आपल्या वऱ्हाडास लागून असलेल्या खानदेशांत पारोळें येथें त्यांची जहागीर व भुईकोट किल्ला होता. आजही त्या किल्ल्याचे अवशेष तेथें पाहावयास मिळतात. म्हणजे झांशी जरी दूर बुंदेलखंडांत असली तरी तिच्या राजघराण्याचीं पाळेंमुळें आपल्या शेजारीं रुजलेलीं होतीं.

सन १८५१ मध्यें राणीसाहेबांस पुत्र झाला, पण तो कांहीं महिन्यांतच दगावला. त्या दुःखानें गंगाधररावांची प्रकृति ढासळली. मृत्यु जवळ आलेला पाहून त्यांनीं पारोळकर नेवाळकरांच्या शाखेंतील आनंदराव या लहान मुलास इंग्रज अधिकाऱ्यांसमक्ष दत्तक घेतलें व त्याचें नांव दामोदरराव ठेविलें. लगेच दुसऱ्या दिवशीं, म्हणजे २१ नोव्हेंबर १८५३ रोजीं, राजे निवर्तले. गव्हर्नर जनरल लॉर्ड डलहौसी यांनीं हें दत्तविधान मान्य केलें नाहीं, आणि सन १८५४ मध्यें झांशी संस्थान खालसा झालें. राणीसाहेबांस दरमहा ५,००० रुपयांचें निवृत्तिवेतन ठरलें व त्यांस किल्ला सोडून शहरांतील वाड्यांत राहावें लागलें. त्यांनीं अर्जामागून अर्ज केले, वकील दिले, परंतु त्याचा कांहीं उपयोग झाला नाहीं.

पुढील तीन वर्षें त्यांचा काळ पूजाअर्चा, वाचन, घोड्याची रपेट व व्यायाम यांत गेला. या काळांत त्या शहरांत राहिल्या, ही गोष्ट लक्षांत ठेवण्यासारखी आहे. किल्ल्याच्या उंच भिंतींआड राहणारी राणी आणि बाजाराच्या हाकेच्या अंतरावर राहणारी राणी यांत पुष्कळ अंतर असतें. झांशीच्या बायांनीं आपल्या राणीस जवळून पाहिलें तें या तीन वर्षांत.

मे १८५७ मध्यें मीरत येथें शिपायांनीं उठाव केला व जून महिन्यांत त्याची ज्वाळा झांशीस पोहोंचली. ८ जून रोजीं झोकनबागेंत सुमारें साठ युरोपियन माणसांची, त्यांत स्त्रिया व मुलेंही होतीं, हत्या करण्यांत आली. राणीसाहेबांनीं आपल्या पत्रांतून या कृत्याबद्दल दुःख व्यक्त केलें व आपला त्यांत हात नसल्याचें कळविलें. त्या निर्दोष होत्या असेंच पुष्कळ इतिहासकारांचें मत आहे. तथापि झांशीच्या स्त्रियांची कथा सांगतांना त्या बागेंत मारल्या गेलेल्या निरपराध मातांना व बालकांना वगळून पुढें जाणें योग्य होणार नाहीं. ज्यांच्या हातीं शस्त्र नव्हतें अशा त्याही होत्या. युद्धांत दया एकाच बाजूस दाखवावयाची असते असा नियम कोणत्याही धर्मानें घालून दिलेला नाहीं.

शिपाई दिल्लीकडे निघून गेल्यावर राज्याचा भार राणीसाहेबांवर पडला. प्रथम पारोळकर घराण्यांतीलच सदाशिवराव यांनीं गादीवर हक्क सांगून बंड केलें. तें मोडतें न मोडतें तोंच ओरछ्याचे दिवाण नथेखान यांनीं झांशीवर चाल केली. दोन्ही संकटांतून राणीसाहेब पार पडल्या. या दिवसांतील त्यांच्या वागणुकीची हकीकत आपणांस विष्णुभट गोडसे यांच्या लेखणींतून मिळते. हे गोडसे भटजी कुलाबा जिल्ह्यांत पेणजवळील वरसई गांवचे. घरचें कर्ज फेडण्यापुरती दक्षिणा मिळावी म्हणून ते १८५७ सालीं उत्तरेकडे गेले आणि त्या रणधुमाळींत सांपडले. झांशीचा वेढा त्यांनीं आंत राहून स्वतः पाहिला. उतारवयांत त्यांनीं लिहिलेला हा वृत्तांत सन १९०७ मध्यें चिंतामणराव वैद्य यांनीं 'माझा प्रवास' या नांवानें प्रसिद्ध केला.

गोडसे भटजी सांगतात कीं, लढाईंत जखमी झालेल्या लोकांस मलमपट्टी होत असे तेव्हां राणीसाहेब जातीनें तेथें जात, त्यांच्या अंगावरून हात फिरवीत व त्यांची विचारपूस करीत. त्या जवळ असल्या म्हणजे जखमी माणसास वेदनांचा विसर पडे. थंडीच्या दिवसांत गोरगरीब कुडकुडत असल्याचें पाहून त्यांनीं शहरांतील शिंप्यांकडून टोप्या व रुईदार बंड्या शिवून घेतल्या व त्या घोंगड्यांसह गरिबांस वांटल्या. या गोष्टी वरवर किरकोळ दिसतात. परंतु ज्या शिपायास आपण पडलों तर आपल्याकडे कोणी पाहणार आहे अशी खात्री असते, तो निराळ्या धैर्यानें लढतो. ज्या घरांत गेल्या हिंवाळ्यांत राणीची घोंगडी आलेली असते, त्या घरांतील बाई उन्हाळ्यांत तटावर चुन्याचें घमेलें घेऊन येते. मार्च महिन्यांत जें घडलें त्याची तयारी अशी अगोदरच झालेली होती.

२१ मार्च १८५८ च्या सुमारास सर ह्यू रोझ हे आपली फौज घेऊन झांशीसमोर दाखल झाले. आंत सुमारें ११,००० लढवय्ये असावेत असा त्यांचा अंदाज होता. इंग्रजी फौजेच्या मोर्चांवरून तोफा सुरू झाल्या आणि शहरावर गोळ्यांचा वर्षाव होऊं लागला. किल्ल्यावरून घनगर्ज, कडकबिजली, भवानीशंकर अशा नांवांच्या तोफा उत्तर देऊं लागल्या. गुलाम घौसखान हा नामांकित गोलंदाज त्या तोफांवर होता. दिवस चैत्राचे होते. चरित्रकार सांगतात कीं, त्या धामधुमींतही राणीसाहेबांनीं चैत्रगौरीचें हळदीकुंकू केलें व शहरांतील स्त्रियांस बोलाविलें. राणीसाहेब स्वतः विधवा. त्या समारंभांत त्यांच्या कपाळीं कुंकू लागावयाचें नव्हतें. पण ज्यांचे पति व पुत्र तटावर उभे होते अशा सुवासिनींना एकत्र बसवून त्यांच्या मनास धीर देण्याचें काम त्या दिवशीं झालें.

यानंतर जें घडलें त्याची साक्ष केवळ आपल्या लोकांनीं दिलेली नाहीं, तर वेढा घालणाऱ्यांनींही दिलेली आहे. सर ह्यू रोझ यांनीं आपल्या अहवालांत झांशीच्या स्त्रिया मोर्चांवर काम करीत असल्याचें व दारूगोळा वाहत असल्याचें नमूद केलें आहे. त्यांच्या फौजेबरोबर असलेले डॉक्टर टॉमस लो यांनींही स्त्रिया व मुलें पडक्या तटाची डागडुजी करीत असल्याचें व पहाऱ्यावरील शिपायांस अन्नपाणी पोहोंचवीत असल्याचें लिहिलें आहे. आपल्याविरुद्ध लढणाऱ्यांची अशी दखल शत्रूनें घ्यावी, याहून मोठी साक्ष ती कोणती?

हें काम कसें चालत असे याची आपण थोडी कल्पना करून पाहूं. दिवसा तोफांच्या माऱ्यानें तटाचा भाग कोसळे. रात्र पडली म्हणजे गवंडी अंगावर घोंगड्या पांघरून, काळोखांत दिसूं नये अशा रीतीनें, खिंडारापाशीं जात. आणि खालून हातोहात आलेल्या विटा व चुना यांनीं तें बुजवीत. सकाळीं शत्रूस तेथें पुन्हां भिंत उभी दिसे. चैत्राचें ऊन, तापलेली तोफ आणि तिच्यापाशीं उभा असलेला गोलंदाज यांस पाण्याची किती गरज असेल! तो पाण्याचा घडा डोक्यावर घेऊन बुरुजाच्या पायऱ्या चढणारी बाई ही कालपर्यंत आपल्या घरीं दळणकांडण करणारी बाई होती. तिला कोणी सैन्यांत भरती केलेलें नव्हतें, तिला पगार नव्हता व तिचें नांव कोणत्याही हजेरीपटावर नव्हतें. गोळे घरांवर पडत होते, आगी लागत होत्या. तरी ती मुलांस शेजारणीच्या स्वाधीन करून तटाकडे जात होती. शिपायाचा हात खचूं लागला कीं त्यास समोर ती दिसे. आपल्या मागें काय आहे व आपण कोणासाठीं उभे आहों, हें त्यास निराळें सांगावें लागत नसे.

३१ मार्चच्या सायंकाळीं दूरच्या टेकडीवर मोठा जाळ दिसला. तात्या टोपे हे सुमारें २०,००० लोक घेऊन मदतीस आल्याची ती खूण होती. झांशींत आनंदीआनंद झाला; तोफांची सलामी झडली. परंतु दुसऱ्याच दिवशीं, १ एप्रिल रोजीं, बेटवा नदीच्या कांठीं तात्यांचा पराभव झाला व ते माघारे गेले. तटावरून हें पाहणाऱ्यांची मनें किती खचलीं असतील! ज्या आशेवर दहा दिवस काढले ती एका दिवसांत नाहींशी झाली. त्या वेळीं राणीसाहेबांनीं निराश झालेल्या सरदारांस व शिपायांस एकत्र करून त्यांची समजूत घातली, बक्षिसें वांटलीं व पुन्हां सर्वांस आपापल्या जागीं उभें केलें. झांशी आणखी दोन दिवस लढली.

३ एप्रिलच्या पहांटे इंग्रजी फौजेनें निकराचा हल्ला केला व शिड्या लावून ती शहरांत शिरली. मग रस्त्यारस्त्यांतून, घराघरांतून लढाई झाली. त्या दिवसांतील कत्तल व लूट यांचें गोडसे भटजींनीं केलेलें वर्णन वाचवत नाहीं. कित्येक स्त्रियांनीं विहिरींत उड्या घेतल्या. दुसऱ्या बाजूस, कांहीं गोऱ्या शिपायांनीं उपाशी बायकामुलांस आपल्या शिध्यांतील अन्न दिलें, असेंही इंग्रज लेखकांनीं लिहून ठेविलें आहे. तेंही खरें असावें. कारण माणुसकीचा झरा रणांगणावरही अगदींच आटत नाहीं.

शहर पडलेलें पाहून राणीसाहेबांचें मन विदीर्ण झालें. दारूखान्यास आग लावून आपण प्राण द्यावा असा विचार त्यांच्या मनांत आला होता, परंतु एका वृद्ध सरदारानें त्यांस परावृत्त केलें. वर्षभर जिनें सर्वांस धीर दिला, तिलाही एका घटकेस दुसऱ्याच्या धीराची गरज पडली. मग त्या रात्रीच्या अंधारांत दामोदररावास बरोबर घेऊन किल्ल्याबाहेर पडल्या व शंभर मैलांचा मार्ग तोडून काल्पीस पोहोंचल्या. मोरोपंत तांबे पकडले जाऊन फांशीं गेले. कोंच व काल्पी येथें पराभव झाल्यावर राणीसाहेब, तात्या टोपे व रावसाहेब पेशवे यांनीं १ जून रोजीं ग्वाल्हेर हस्तगत केलें. त्याच महिन्याच्या तिसऱ्या आठवड्यांत, ग्वाल्हेरनजीक कोटा की सराय येथील लढाईंत, राणीसाहेबांस वीरमरण आलें. त्यांच्याबरोबर शेवटपर्यंत राहिलेली मुंदर नांवाची दासीही त्याच रणांत पडली. ग्वाल्हेरच्या फुलबागेंत राणीसाहेबांची समाधि आहे. लहानगा दामोदरराव पुष्कळ हालअपेष्टा सोसून इंदुरास राहिला व सन १९०६ मध्यें वारला.

झांशीच्या त्या सामान्य स्त्रियांचें पुढें काय झालें? बहुतेकींचीं नांवेंही आपणांस ठाऊक नाहींत. बुंदेलखंडाच्या लोककथांनीं त्यांतील एक नांव जपून ठेविलें आहे, तें झलकारीबाईचें. ती विणकर कोरी समाजांतील स्त्री. राणीसाहेबांस निसटून जातां यावें म्हणून तिनें त्यांचा वेष घेऊन शत्रूस गुंतवून ठेविलें, अशी कथा तिकडील लोक सांगतात. सन २००१ मध्यें भारत सरकारनें तिच्या स्मरणार्थ टपालाचें तिकीट काढलें. तट बांधणाऱ्या, पाणी वाहणाऱ्या, जखमा पुसणाऱ्या इतर सर्व स्त्रियांची आठवण त्या एका नांवांत सांठविली आहे, असें आपण समजावें.

येथें एका योगायोगाचा उल्लेख केल्यावांचून राहवत नाहीं. ज्या १८५४ सालीं झांशी खालसा झाली, त्याच सालच्या नोव्हेंबर महिन्यांत फ्लॉरेन्स नाइटिंगेल ही इंग्रज महिला ३८ परिचारिकांसह तुर्कस्थानांतील स्कुटारी येथील लष्करी रुग्णालयांत दाखल झाली. तिनें जखमा धुतल्या एवढेंच नव्हे. शिपायांसाठीं वाचनाच्या खोल्या उघडल्या व त्यांचे पैसे सुरक्षितपणें घरीं पोहोंचविण्याची व्यवस्था केली. शिपाई हा केवळ बंदूक धरणारा हात नसून तोही कोणाचा तरी मुलगा आहे, हें तिनें ओळखलें होतें. दोघी एकमेकींस कधीं भेटल्या नाहींत. एकीचें राज्य दुसरीच्या देशानें घेतलें. तरीही जखमी माणसाच्या अंगावर हात फिरविणारी राणी आणि रात्रीं दिवा घेऊन रुग्णांमधून फिरणारी परिचारिका यांचें काम एकाच जातीचें होतें. पुढें सन १९४३ मध्यें सुभाषचंद्र बोस यांनीं आझाद हिंद सेनेंत स्त्रियांचें पथक उभारलें, त्यास राणीसाहेबांचेंच नांव दिलें. आणि त्या पथकांतील स्त्रियांनींही शस्त्राच्या शिक्षणाबरोबर जखमी सैनिकांची शुश्रूषा केली.

विद्यार्थी मित्रहो व भगिनींनो, वर्गांत लक्ष्मीबाईंचें चरित्र शिकवितांना माझा एक अनुभव आहे. घोडा व तलवार यांची गोष्ट आली कीं मुलांचे डोळे चमकतात. परंतु मागील बांकांवरील एखादी शांत मुलगी मनांतल्या मनांत म्हणत असते कीं, हें आपल्या हातून कधींच होणार नाहीं. तिच्यासाठींच हा लेख लिहिला आहे. लक्ष्मीबाईंसारखी तलवार चालविणें लाखांत एकीस साधतें. पण झांशीचा तट बारा दिवस उभा राहिला तो केवळ एका तलवारीवर नव्हे. घड्यावर, घमेल्यावर, भाकरीवर आणि धीराच्या शब्दावरही तो उभा राहिला, आणि हीं साधनें प्रत्येक घरांत आहेत.

संकट केवळ युद्धाच्याच रूपानें येतें असें नाहीं. दुष्काळ, महापूर व सांथी यांच्या रूपानेंही तें येतें, आणि आपल्या वऱ्हाडानें तीं सर्व पाहिलीं आहेत. त्या वेळीं पुढें उभे राहणारे थोडे असतात व त्यांस उभें ठेवणारे पुष्कळ लागतात. पुन्हां कधीं असदगडाकडे फिरावयास गेलांत, तर बुरुजाकडे पाहून झाल्यावर क्षणभर खालच्या पायऱ्यांकडेही पहा, आणि त्या पायऱ्या पाण्याचा घडा घेऊन ज्या चढल्या असतील, त्यांचें स्मरण करा.